वेतनाचा वाद मॅटमध्ये नेताना: आधी तारखा, मग रक्कम

निवृत्तीला चार महिने राहिलेले असतात. वेतन पडताळणी पथकाकडे गेलेलं सेवापुस्तक परत येतं आणि मधल्या एका पानावर शेरा दिसतो: ‘दि. १.१.२००६ रोजीची वेतननिश्चिती चुकीची. सुधारित निश्चिती करून अतिप्रदान रक्कम वसूल करावी व पुस्तक फेरसादर करावे.’ खाली सही आणि गोल शिक्का. इतकी वर्षं जो पगार कार्यालयानेच हिशेब करून काढला, तो एका दुपारी कर्मचाऱ्याच्या अंगावर कर्ज म्हणून येतो.

मी आस्थापना शाखेत होतो. असे शेरे आलेली पुस्तकं माझ्याच टेबलावर उघडली जायची. आता निवृत्तीनंतर लोक तेच कागद पिशवीत घालून घरी येतात. प्रत्येक जण आधी रक्कम सांगतो, मी आधी तारीख विचारतो. बाजू खरी असूनही केवळ उशिरामुळे पडलेले दावे मी पुष्कळ पाहिले आहेत. त्यातले निम्मे तरी ‘साहेब बघतो म्हणालेत’ या वाक्यावर विसंबून राहिलेल्यांचे होते.

खाली लिहिलंय ते वकिलाच्या जागी वापरायचं नाही. वकिलाकडे जाताना पिशवीत काय असावं, आणि तो ‘ओ.ए.’, ‘रिव्ह्यू’, ‘रिट’ म्हणतो तेव्हा नेमकं काय म्हणतो, हे कळावं म्हणून लिहिलंय.

दार कोणतं?

राज्य शासनाच्या कर्मचाऱ्याचा वेतन, निवृत्तिवेतन, वेतनवाढ किंवा वसुलीचा वाद महाराष्ट्र प्रशासकीय न्यायाधिकरणाकडे, म्हणजे मॅटकडे जातो. प्रशासकीय न्यायाधिकरण कायदा १९८५ चा, मॅट सुरू झालं १९९१ मध्ये. मुंबई, नागपूर आणि छत्रपती संभाजीनगर इथे त्याची खंडपीठं आहेत. निवृत्त माणसालाही हेच दार.

जिल्हा परिषदेच्या कर्मचाऱ्यांनी आणि शिक्षकांनी मात्र इथे थांबून नीट वाचावं. पगार शासनाच्या तिजोरीतून येतो म्हणून मॅट लागू होत नाही. त्यांना रिट, म्हणजे शासकीय निर्णयाविरुद्धची याचिका, घेऊन उच्च न्यायालयात जावं लागतं. कोल्हापूर, सांगली, सातारा, सोलापूर, रत्नागिरी आणि सिंधुदुर्गकरांना त्यासाठी आता मुंबई गाठावी लागत नाही. १८ ऑगस्ट २०२५ पासून कोल्हापुरात उच्च न्यायालयाचं सर्किट बेंच, म्हणजे फिरतं पीठ, बसतं. केंद्र सरकारी नोकर कॅटकडे, म्हणजे केंद्रीय प्रशासकीय न्यायाधिकरणाकडे जातात, एसटीचे कामगार कामगार किंवा औद्योगिक न्यायालयात. गोव्यात राज्याचं वेगळं न्यायाधिकरण नाही, तिथल्या राज्य कर्मचाऱ्यांना पर्वरीचं उच्च न्यायालय. चुकीच्या दारात वर्ष घालवून परतलेले लोक आहेत, म्हणून हे आधी सांगितलं.

निवेदन, पोच आणि एक कोरा कागद

मॅटमध्ये थेट जाता येत नाही. नियमाने जो खात्यातला उपाय उपलब्ध आहे तो आधी करून यावं लागतो. कायद्याचं कलम २० तेच सांगतं. व्यवहारात याचा अर्थ सक्षम प्राधिकाऱ्याकडे, कार्यालयप्रमुखामार्फत, लेखी निवेदन.

निवेदन दीड पानाचं पुरे. कोणत्या तारखेची वेतननिश्चिती, कोणत्या नियमाने किंवा शासन निर्णयाने ती चुकली, तुमच्या हिशेबाने मूळ वेतन किती हवं आणि तुम्ही काय मागता, एवढंच लिहा. ‘प्रदीर्घ निष्कलंक सेवा’ वगैरे परिच्छेद गाळा, तो कोणी वाचत नाही. शासन निर्णयाची प्रत जोडा. आश्वासित प्रगती योजनेचा, म्हणजे पदोन्नती न मिळताही ठरावीक वर्षांनी वरचं वेतन देणाऱ्या योजनेचा, वाद असेल तर कोणता निर्णय लागू, हे ठामपणे लिहा. १ एप्रिल २०१० चा निर्णय बारा आणि चोवीस वर्षांवर दोन लाभ देतो, २ मार्च २०१९ चा दहा, वीस आणि तीस वर्षांवर तीन. या दोघांची सरमिसळ झालेली निवेदनं मी स्वतः फेटाळणीच्या टिपणीसह वर पाठवली आहेत.

आवक शाखेत द्या आणि दुसऱ्या प्रतीवर शिक्का, तारीख, आवक क्रमांक घ्या. ती पोच प्लास्टिकच्या पिशवीत घालून कपाटात ठेवा. पुढचं सगळं त्या तारखेवर उभं राहणार आहे.

आता एक कोरा कागद घ्या आणि मुदती मांडा. समजा, निवेदन १० जून २०२४ ला दिलं. सप्टेंबरमध्ये लेखी नकार आला, तर नकाराच्या तारखेपासून एक वर्षाच्या आत मॅटमध्ये अर्ज. काहीच उत्तर नाही, तर सहा महिने थांबायचं, म्हणजे १० डिसेंबर २०२४ पर्यंत. तिथून पुढे एक वर्ष, म्हणजे १० डिसेंबर २०२५. ही कलम २१ ची मुदत.

मधल्या काळात दिलेली स्मरणपत्रं ही तारीख पुढे ढकलत नाहीत. सर्वोच्च न्यायालयाच्या सात न्यायमूर्तींच्या पीठाने एस. एस. राठोड प्रकरणात १९८९ मध्येच हे सांगून ठेवलंय: कायद्यात तरतूद नसलेली निवेदनं पुन्हा पुन्हा दिल्याने मुदत वाढत नाही. तरी ‘पाच स्मरणपत्रं दिली आहेत’ असं अभिमानाने सांगणारे भेटतातच. आणि २०२७ मध्ये खात्याने ‘आपली विनंती मान्य करता येत नाही’ असं पत्र पाठवलं, तर मेलेला दावा त्या पत्राने जिवंत होत नाही.

उशीर झालाच असेल तर मूळ अर्जासोबत विलंब माफीचा वेगळा अर्ज जोडावा लागतो. त्यात दिवसांचा हिशेब हवा. आजारपण असेल तर कागद, बदली असेल तर आदेश.

चालू चूक आणि तीन वर्षांची भिंत

पगाराच्या वादात एक सवलत आहे. वेतननिश्चिती चुकीची असेल तर दर महिन्याला कमी पगार मिळतो, म्हणजे दर महिन्याला नवं कारण घडतं. रेल्वेचे कर्मचारी एम. आर. गुप्ता यांची वेतननिश्चिती १९७८ मधली आणि अर्ज १९८९ मधला. न्यायाधिकरणाने मुदतबाह्य म्हणून तो काढून टाकला. सर्वोच्च न्यायालयाने १९९५ मध्ये तो निकाल फिरवला आणि ही चालू राहणारी चूक असल्याचं म्हटलं.

पण ही सवलत अर्धीच आहे. दावा टिकतो, जुनी थकबाकी मात्र टिकत नाही. तरसेम सिंग यांचं प्रकरण बघा: १९८३ मध्ये सैन्यातून अपंगत्वामुळे बाहेर पडले, अपंगत्व निवृत्तिवेतनासाठी १९९९ मध्ये उच्च न्यायालयात गेले. तिथल्या खंडपीठाने सोळा वर्षांची थकबाकी दिली होती. २००८ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने ती अर्ज दाखल होण्याआधीच्या तीन वर्षांपुरती कापली. आज अर्ज केला तर आजपासून मागे तीन वर्षं; पुढच्या दिवाळीला केला तर तिथून मागे तीन. थांबलेला प्रत्येक महिना मागच्या टोकाचा एक महिना खातो.

ज्येष्ठता किंवा पदोन्नतीचा वाद यात बसत नाही. तुमचा क्रम वर गेला तर दुसऱ्याचा खाली जातो, त्यामुळे तिथे उशीर झाला की सहसा दार बंद.

‘अमक्याने केस जिंकली, आता आपल्यालाही मिळेल’ ही दुसरी समजूत. मिळू शकतं. सारख्या परिस्थितीतल्यांना सारखी वागणूक हा सर्वसाधारण नियम आहे. पण अरविंद कुमार श्रीवास्तव प्रकरणात, २०१४ मध्ये, दुसऱ्याचा निकाल लागेपर्यंत कुंपणावर बसून राहिलेल्यांना सर्वोच्च न्यायालयाने त्यातून वगळलं. ३० जूनला निवृत्त होणाऱ्यांच्या १ जुलैच्या वेतनवाढीचं उदाहरण ताजं आहे. मुंडिनमणी प्रकरणात ११ एप्रिल २०२३ ला ती मान्य झाली. नंतर सिद्धराज प्रकरणातल्या आदेशाने असं ठरलं की न्यायालयात न गेलेल्यांना वाढीव निवृत्तिवेतन १ मे २०२३ पासून, आणि जे आधीच अर्ज घेऊन न्यायालयाच्या दारात होते त्यांना अर्जाच्या महिन्याआधीची तीन वर्षं. दोघांची सेवा सारखी, पद सारखं, निवृत्तीची तारीख सारखी. फरक वकिलाच्या फीचा आणि एका अर्जाचा.

वसुली लागली असेल तर

हा भाग सविस्तर लिहितो, कारण घरी येणाऱ्यांत सगळ्यांत जास्त हेच असतात.

पंजाब राज्य विरुद्ध रफिक मसीह हा सर्वोच्च न्यायालयाचा १८ डिसेंबर २०१४ चा निकाल. मॅटच्या आवारात त्याचं नाव दिवसातून कितीदा कानावर पडेल सांगता येत नाही. कर्मचाऱ्याची लबाडी नसताना जादा पगार दिला गेला असेल, तर पाच प्रसंगांत वसुली करता येत नाही: कर्मचारी वर्ग तीन किंवा चारचा, म्हणजे आपल्याकडचा गट क वा ड असेल, निवृत्त झाला असेल किंवा वर्षभरात होणार असेल, वसुलीच्या आदेशाआधी पाच वर्षांहून जास्त काळ जादा रक्कम दिली गेली असेल, खालच्या पदावरच्या माणसाकडून वरच्या पदाचं काम करून घेऊन तो पगार दिला असेल, किंवा वसुली इतकी जाचक होणार असेल की न्यायाच्या तराजूत बसणार नाही.

मग शासन हरतंच का? नाही. जगदेव सिंग निकाल, २९ जुलै २०१६. वेतन सुधारणेच्या वेळी विकल्प देताना ‘जादा रक्कम आढळल्यास परत करीन’ असं हमीपत्र दिलेलं असेल तर निवृत्तांनाही ते बांधतं, असं तिथे ठरलं. खात्याच्या उत्तरात हे हमीपत्र परिशिष्ट म्हणून हमखास येतं. जगदेव सिंग हे न्यायिक अधिकारी होते, वरच्या वर्गातले. गट कच्या माणसाच्या बाजूने वकील याच फरकावर बोट ठेवतात.

म्हणून सेवापुस्तकाची संपूर्ण प्रत आणि हमीपत्राची प्रत आधी हातात घ्या. २००९ आणि २०१९ च्या सुधारित वेतन नियमांच्या वेळी आपण कशावर सही केली हे कोणालाच आठवत नसतं, आणि बाबूने ‘इथे, इथे आणि इथे’ म्हणून पेन पुढे केलेलं असतं. मीही केलंय. कार्यालय देत नसेल तर माहितीच्या अधिकारात दहा रुपयांचा अर्ज करा आणि वेतननिश्चितीचं विवरणपत्र, पडताळणी पथकाचा शेरा आणि त्यावरची कार्यालयीन टिपणी मागा. तीस दिवसांत उत्तर द्यावं लागतं. ‘लिपिकाच्या चुकीने’ असे दोन शब्द त्या टिपणीत सापडले तर तुमची बाजू अर्धी लिहून झाली.

एक बारकावा नवख्यांच्या ध्यानात येत नाही. वसुली रद्द होणं आणि वेतननिश्चिती कायम राहणं या दोन वेगळ्या मागण्या आहेत. रफिक मसीह पैसे परत मागण्यापासून वाचवतो. निश्चिती खरंच चुकली असेल तर पुढचं निवृत्तिवेतन सुधारित, म्हणजे कमी वेतनावर बसू शकतं. निश्चिती बरोबरच होती असं तुमचं म्हणणं असेल तर तशी प्रार्थना, म्हणजे मागणी, अर्जात वेगळी लिहा, नाहीतर फक्त वसुली थांबेल.

वसुली पुढच्या महिन्यापासून लागणार असेल तर सहा महिने थांबायचं का? कलम २० मध्ये ‘सामान्यतः’ हा शब्द आहे. तातडी दाखवून लवकर जाता येतं आणि अंतरिम स्थगिती मागता येते. अर्जाची प्रत शासनाची बाजू मांडणाऱ्या सादरकर्ता अधिकाऱ्यांकडे आधीच पोहोचवा; प्रत मिळाली नाही म्हणून तारीख पडायला नको.

मूळ अर्ज

यालाच ओ.ए. म्हणतात. फी पन्नास रुपये; खर्च वकिलाचा आणि झेरॉक्सचा. स्वतः बाजू मांडण्याची मुभा कायद्यात आहे, पण वसुली लाखांत असेल तर मी तो सल्ला देत नाही. एकाच आदेशाने बाधित झालेले सहकारी परवानगी घेऊन एकत्र अर्ज करू शकतात.

प्रत्येक पानाला क्रमांक, कागद तारखेच्या क्रमाने, आणि पहिल्याच पानांत तारीखवार घटनाक्रम. शासनाचं उत्तर शपथपत्रावर येतं, त्याला प्रत्युत्तर द्या. तिथे आळस करू नका. न खोडलेलं विधान मान्य धरलं जाण्याची भीती असते.

न्यायाधिकरण काय देतं आणि काय देत नाही, याचा अंदाज आधी घ्यावा. नियम स्पष्ट आहे आणि कार्यालयाने तो चुकीचा लावला, अशा ठिकाणी हात सढळ असतो. ‘आमच्या पदाला वरची वेतनश्रेणीच हवी होती’ असं म्हटलं की हात आखडतो. ते काम वेतन आयोगाचं, वेतनत्रुटी पाहणाऱ्या समितीचं, आपल्याकडे सातव्या आयोगाच्या वेळी के. पी. बक्षी समितीचं. कामाचं स्वरूप, पात्रता, भरतीची पद्धत, जबाबदारी, सगळं सारखं आहे हे सिद्ध करण्याचा भार अर्जदारावर असतो.

व्याज मागा, पण बेताने. आंध्र प्रदेशातल्या लांबवलेल्या पगारांच्या प्रकरणात उच्च न्यायालयाने दिलेलं १२ टक्के व्याज सर्वोच्च न्यायालयाने २०२१ मध्ये ६ टक्क्यांवर आणलं.

निकालाचा शेवटचा परिच्छेद वाचा

फोन येतो, ‘जिंकलो!’ आदेश वाचायला मागवतो, तर शेवटी असतं: ‘प्रतिवादींनी अर्जदाराच्या निवेदनावर आठ आठवड्यांत निर्णय घ्यावा. अर्ज निकाली.’ यात जिंकणं कुठेच नाही. निर्णय घ्या म्हटलंय, मान्य करा असं म्हटलेलं नाही. सी. जेकब प्रकरणात, २००८ मध्ये, सर्वोच्च न्यायालयाने अशा आदेशांचा पाढाच वाचलाय: जुना दावा, त्यावर ‘विचार करा’ असा आदेश, मग खात्याचा नकार, आणि त्या नकाराला नवं कारण समजून पुन्हा अर्ज. जुना दावा त्याने ताजा होत नाही असं तिथे सांगितलंय.

पुनर्विलोकन, म्हणजे रिव्ह्यू

निकाल विरुद्ध गेला की पहिली सूचना असते ‘रिव्ह्यू टाका’. सूचना स्वस्त असते, अर्ज बहुधा फुकट जातो.

पुनर्विलोकनाचा अधिकार कलम २२ मध्ये आहे, मुदत आदेशाची प्रत मिळाल्यापासून तीस दिवस. कारणं दिवाणी संहितेतलीच: कागदावर उघड दिसणारी चूक, योग्य काळजी घेऊनही आधी हाती न आलेला महत्त्वाचा पुरावा, किंवा त्याच तोलाचं दुसरं पुरेसं कारण. अर्ज त्याच न्यायाधिकरणापुढे जातो. आदेशात ग्रेड पे ४४०० ऐवजी ४२०० पडलाय, किंवा फाइलवर असलेला शासन निर्णय ‘सादर केलेला नाही’ असं लिहिलंय, तर रिव्ह्यू जरूर करा. ‘न्यायाधिकरणाने आमचा मुद्दा चुकीचा समजला’ यावर करू नका. नंतर दुसऱ्या कोणाच्या प्रकरणात वरच्या न्यायालयाने अनुकूल निकाल दिला, तेही कारण होत नाही. कमल सेनगुप्ता प्रकरणात २००८ मध्ये ते स्पष्ट झालंय.

रिव्ह्यू फेटाळला गेला आणि पुढे गेलात, तर आव्हान मूळ आदेशालाच द्या. फक्त रिव्ह्यूच्या आदेशावर रिट घेऊन जाणारा स्वतःच मैदान आखूड करून घेतो.

उच्च न्यायालय: ज्याला सगळे ‘अपील’ म्हणतात

मॅटच्या निकालावर कायद्यात अपील नाही. १९८५ च्या कायद्याने उच्च न्यायालयांना यातून बाजूलाच ठेवलं होतं, वाट थेट दिल्लीची होती. १८ मार्च १९९७ ला एल. चंद्रकुमार प्रकरणात सात न्यायमूर्तींनी ते बदललं. तेव्हापासून न्यायाधिकरणाचा निकाल उच्च न्यायालयाच्या दोन न्यायमूर्तींच्या खंडपीठापुढे रिट याचिकेने नेता येतो, अनुच्छेद २२६ आणि २२७ खाली.

शब्दांचा हा फरक पिशवीतल्या कागदांवर येतो. अपिलात पुरावा पुन्हा तोलला जातो. रिटमध्ये सहसा एवढंच पाहतात: अधिकारकक्षा ओलांडली का, कायदा चुकीचा लावला का, ऐकून न घेता निर्णय दिला का, कोणताही समंजस माणूस काढणार नाही असा निष्कर्ष काढला का. मॅटपुढे न ठेवलेला कागद तिथे पहिल्यांदा काढला, तर पहिला प्रश्न ‘हा खाली का दिला नाही?’ हाच येतो. रिटला दिवसांची ठरावीक मुदत नाही, पण कारण नसलेला उशीर महागात पडतो. तीन महिन्यांच्या आत जावं, असं मी सांगतो. हा माझा आडाखा आहे, नियम नव्हे.

बऱ्याचदा रिट शासनच करतं. तुम्ही मॅटमध्ये जिंकता, नस्ती, म्हणजे फाइल, विधी व न्याय विभागाकडे जाते आणि एके दिवशी कळतं की स्थगिती मिळाली. म्हणून जिंकलात की उच्च न्यायालयात कॅव्हेट, म्हणजे ‘आम्हाला ऐकल्याशिवाय आदेश देऊ नका’ अशी आगाऊ सूचना, दाखल करा. ते नव्वद दिवस टिकतं, नंतर पुन्हा करावं लागतं.

तिथून पुढे अनुच्छेद १३६ खाली सर्वोच्च न्यायालयात विशेष अनुमती याचिका, मुदत नव्वद दिवस. एकट्याच्या वेतननिश्चितीसाठी तिथवर जाणं परवडत नाही. संवर्गातल्या सगळ्यांचा प्रश्न असेल तर संघटनेने जावं.

आदेश हातात आल्यावर

प्रमाणित प्रत घ्या आणि अंमलबजावणीची मागणी करणारं पत्र पोच घेऊन द्या. आदेशात दिलेली मुदत संपली तरी हालचाल नसेल तर मॅटकडे अवमानाचा अधिकार आहे, कलम १७. अवमान अर्जाची मुदत अवमान घडल्यापासून एक वर्ष. ‘बजेट आलं की काढतो’ हे वाक्य ते वर्ष सहज गिळतं. स्थगिती नसताना ‘आम्ही रिट करतोय’ हे उत्तर अंमलबजावणी न करण्याचं कारण ठरत नाही.

रक्कम आली की फरकाचा तक्ता मागून घ्या आणि प्रत्येक जानेवारी-जुलैचा महागाई भत्ता जुळवून बघा. चुका तिथेच असतात. एकरकमी थकबाकीवर त्या वर्षीचा आयकर जास्त बसतो. थकबाकी ज्या वर्षांची त्या वर्षांत धरून कर मोजण्याची सवलत आहे, पण ती आपोआप मिळत नाही. विवरणपत्र भरण्याआधी त्यासाठीचा वेगळा फॉर्म ऑनलाइन भरा, आणि त्यात वर्षवार आकडे लागतात म्हणून फरकाच्या तक्त्यावर आहरण व संवितरण अधिकाऱ्याची, म्हणजे पगाराची बिलं काढणाऱ्या अधिकाऱ्याची, सही घेऊन ठेवा.